सेनापतीचा पलंग

तीर्थरूप दादास,

धाकट्या बहिणीचा नमस्कार. तुझी कंबर, वहिनींचा दमा आणि मुलांची भांडणं आहेत तिथेच असतील, वाढली नसतील, असं धरून चालते. इकडे सगळं ठीक आहे. बाबा गेले, तेवढं सोडून. (तार करणार होते. पण चार शब्दांत मावण्यासारखे ते जिवंतपणीही नव्हते.)

त्याचं झालं असं, की आपल्या सराईवर व्याख्यान झालं. खिडकीशी बसून एकच पेला संध्याकाळभर पुरवणारे इतिहासाचे निवृत्त गुरुजी तुला आठवत असतील. गावातल्या जुन्या सराया एकेक करून बंद पडल्या, निदान उरलेल्या एकीचा इतिहास लोकांना कळावा, असं त्यांच्या मनाने घेतलं. बाबा इतके हरखले की मला दाढी करायला लावली. (त्यांची.) वर्षभर अंथरुणाला खिळलेले, त्यांना जिन्यावरून खाली आणणं अशक्य. म्हणून त्यांचा पलंग, म्हणजे त्यांच्या गोष्टीतला सेनापती ज्यावर झोपला होता तोच, खालच्या मोठ्या खोलीच्या बरोबर वर सरकवला. फळ्यांच्या फटीतून सगळं ऐकू येत होतं. “काही चुकलं तर काठी आपटेन,” म्हणाले. चुकणार नाही याची त्यांना खात्रीच होती.

खाली ही गर्दी! शिंपी सहकुटुंब आला होता, सुतार नवा सदरा घालून. गुरुजी उठले, घसा खाकरला आणि म्हणाले की सेनापती या गावातून गेलाच नाही, तो नदीपलीकडच्या रस्त्याने गेला. वरून धाड! पलंग म्हणाल तर तो बंद पडलेल्या इस्पितळाच्या लिलावातला. धाड, धाड! तुळईतलं गोळीचं भोक भुंग्याने पाडलेलं, आणि राजकन्या जिथे लपली होती ती खोली मुळात कोंबड्यांची. दादा, छतातून अशी धूळ पडायला लागली की लोकांनी पेल्यांवर हात धरले. शेवटी शिंपी उभा राहिला. “गुरुजी, आता पुरे करा. ते भोक मी जावयाला दाखवलंय!”

गुरुजी घामाघूम. बाबांना दुखवायचं त्यांच्या मनात नव्हतं, त्यांना फक्त खरं बोलायचं होतं. (दोन्ही एकदम कसं जमणार, हे त्या शिकलेल्या माणसाला कोणी विचारायचं?) त्यांनी शेवटचा कागद उलटला. “साथीच्या वर्षी गावातल्या सगळ्या सरायांनी दारं लावून घेतली. उघडी राहिली ती ही एक. मालक तेव्हा तरुण होते. आजारी उतारूंना त्यांनी आणि त्यांच्या बायकोने इथे अंथरूण दिलं, मेले त्यांना स्वतः स्मशानात नेऊन पोचवलं. हे मात्र शंभर टक्के खरं.”

आई त्या साथीत गेली एवढंच आपल्याला ठाऊक होतं. दार उघडं ठेवल्याने गेली, हे इतक्या वर्षांत बाबांच्या तोंडून कधी निघालं नाही. राजकन्येची गोष्ट मात्र आपल्याला दर जेवणाला.

सगळे छताकडे बघत राहिले. काठी वाजली नाही. “पटलं म्हातारबांना!” शिंपी ओरडला आणि टाळ्या सुरू झाल्या. मी दूध घेऊन वर गेले. काठी पांघरुणावर पडली होती. बाबा गार पडत होते आणि खाली टाळ्या थांबत नव्हत्या.

शेवटचं वाक्य त्यांनी ऐकलं का रे? की कोंबड्यांच्या खोलीपाशीच संपलं सगळं? डॉक्टरांना मी खोदून खोदून विचारलं. ते “तेव्हाच कधीतरी” म्हणाले आणि वारसाहक्काची भानगड असावी तसे माझ्याकडे बघत राहिले.

जिना अरुंद आणि पलंग त्याच्या तोंडाशी आडवा, त्यामुळे बाबांना काढण्याआधी पलंग सुटा करावा लागला. आडव्या पट्टीखाली इस्पितळाचा शिक्का निघाला. सुताराने रंधा मागवला आणि शिक्का तासून काढला. गुरुजी समोरच उभे होते. त्यांनी पट्टी घट्ट धरून ठेवली.

वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझी,
धाकटी

ता. क. सराई चालू आहे. उलट गिऱ्हाईक वाढलंय. बाबा गेले ती खोली लोक बघायला मागतात. शिंपी सांगतो, ते “दार उघडं ठेवा” म्हणत गेले. सुतार सांगतो, हसत गेले.

आणखी एक ता. क. काल एका उतारूला मीच सांगितलं की ते हसत गेले. सांगताना मला ते खरंच दिसलं, आणि मी घाबरले. तू त्यांना भरल्या सराईत खोटारडा म्हणून निघून गेलास, त्यानंतर त्यांनी तुझं नाव घेतलं नाही. तू मनातून त्यांना माफ केलं असशील, तर येऊ नकोस, माफ करणारे इथे पुष्कळ झालेत. पण अजून राग असेल तर ये. ते होते तसे आठवणारं या घरात कोणीतरी हवं.