रझाकाराला पाणी

२ सप्टेंबर
सतराला मुक्तिसंग्राम दिन. चावडीपुढं जिवंत देखावा ठरला. सरपंच नानांनी कामं वाटली. गोष्ट त्यांच्या आजोबांची, तेच हीरो. मी रझाकार. कॉलेज अर्धवट सोडलेल्याला दुसरं कोण काय देणार! पण आजोबांची बायको वैशाली झालीय, नानांचीच पोरगी. म्हणून गप बसलो. न्हाईतर...

६ सप्टें.
तालीम. मी घरात घुसून वै.ला लाथ मारायची, मग आजोबा मला तलवारीनं कापणार. लाथ उचलली, मारवेना. नाना ओरडले, "नाटकातबी जमंना का बे?" डोकं फिरलं. वै. हळूच, "मार की. मी काय मोडते का?"
दिवसभर तेच कानात.

९ सप्टें.
नानांचे वडील आप्पा तालीम बघायला आले. तलवार बघून हसायलाच लागले. "माझा बाप कडब्याच्या गंजीत लपलाता. तलवार कुठली! रझाकार आला, तहानलेला. आईनं गंजीला पाठ लावून त्याला पाणी पाजलं. पिऊन गेला. मी तितंच व्हतो."
नाना म्हणाले, "आप्पा, तुमी लई ल्हान होता."
मी भांडलो. खरं तेच दाखवा. नाना: जास्त बोललास तर तू बाहेर, अन् वैशालीबी घरात.

१२ सप्टें.
गप हाय. पोरांना वाटतंय मी खऱ्यासाठी पेटलोय. मलाबी तसंच वाटत होतं. पण डोळे मिटले की गंजी दिसत न्हाई, रझाकार दिसत न्हाई. वै. दिसते. तांब्या कललेला, माझ्या ओंजळीत धार.
मग हे खरं मी कुणासाठी मागतोय?

१७ सप्टें.
केलं. लाथेच्या जागी म्हणालो, "बाई, पानी मिलेगा?" वै.नं पुढच्या खुर्चीतल्या बापाकडं पाहिलं. मग तांब्या उचलला. रिकामा. तरी ओतला. मी प्यालो.
आप्पा मोठ्यानं म्हणाले, "आईनं वर बघितलं नव्हतं गं!"
वै. माझ्याकडं बघत होती.

१८ सप्टें.
नानांचा निरोप: घराकडं फिरकायचं न्हाई. सकाळी केजला जाणाऱ्या जीपपाशी वै. भेटली. "आप्पाचं खरं म्हणून मागितलंस का रं पाणी?" हो म्हणायला तोंड उघडलं, परत मिटलं. जीप भरली, तिला घेऊन गेली.
संध्याकाळच्या जीपनं परत येईल, तवा उत्तर द्यायचं. फाट्यावरच बसून लिहितोय. दोन जीपा आल्या. तिसरी येतीय, धूळ...