व्हर्नच्या नावावरची ओळ

रेडवुड सिटी,
१४ जून २०२४

प्रिय व्हर्न,

अ‍ॅस्टोरियात तू बांधतोस त्या होड्या आणि डॉटीचा गुडघा, दोन्ही ठीक असतील असं धरून चालते. दर नाताळच्या कार्डावर तुम्ही दोघं नव्या होडीशेजारी उभे असता, आणि दर वर्षी होडीच तेवढी तरुण दिसते. मी परवा निवृत्त झाले. केक कोरडा होता, भाषणं लांबली, पण रडू काही आलं नाही.

आपली काळी चौकोनी पेटी, आपण बनवलेला तो संगणक, आता संग्रहालयात काचेमागे बसली आहे. ही खपली नाही म्हणून आमचं दिवाळं वाजायची वेळ आली होती, हे ऑफिसातल्या पोरांना खरंच वाटत नाही. तिच्या आतली युनिक्सवर उभी केलेली आपली सिस्टीम मात्र चिवट निघाली. आपली कंपनी विकली गेली तेव्हा घेणाऱ्यांना तीच हवी होती. पुढे ती त्यांच्या सगळ्या संगणकांत गेली, मग फोनमध्ये. तू ज्याला शिव्या घालतोस ते गरगर फिरणारं रंगीत चक्र आपल्या पेटीतल्या त्या फिरत्या चकतीच्या चित्राचं पिल्लू आहे. आणि डॉटी तुला फोनवर सामानाची यादी पाठवते ना, तिच्या ओळी कुठे मोडायच्या ते तू तेव्हा लिहिलेली प्रोग्रॅमची फाईल ठरवते. थट्टा करत नाहीये. एवढ्या वर्षांत तिला फारसा कोणी हात लावला नाही, कारण लावायची गरज पडली नाही.

हे मी तुला केव्हाच सांगायला हवं होतं. पण फाईलचं नाव काढलं की त्र्याण्णवच्या जानेवारीचं प्रकरण निघालं असतं.

शिकागोच्या बँकेची माणसं पेट्या घ्यायच्या का ते बघायला आली होती. आपल्या आर्लोसाहेबाने मोठ्या ऐटीत पडद्यावर एक पत्र उघडलं आणि यंत्र जागच्या जागी गोठलं. फाईल कोणी कधी बदलली त्याच्या नोंदी पाहिल्या तर शेवटचा बदल तुझ्या नावावर. तू एवढंच म्हणालास, "माझीच फाईल आहे. मीच नीट बघायला हवं होतं." पंधरा दिवसांत पेट्या बनवणं बंद झालं. आपल्या दोघांत एकच जागा राहणार होती, ती मला मिळाली. मी तुला घरी सोडलं तेव्हा गाडीत तू म्हणालास, "नोरीन, माझा हात बिघडला आता." त्यानंतर तू प्रोग्रॅमची एक ओळही लिहिली नाहीस. मी मात्र रेडिओ लावला.

बँकेची माणसं आली त्याच आठवड्यातल्या सोमवारी तू जेवायला बुरिटो आणायला बाहेर गेला होतास. तुझं यंत्र तुझ्या नावाने चालूच होतं. मला एक छोटी दुरुस्ती सुचली, माझ्या टेबलापर्यंत जायचा कंटाळा आला, म्हणून तिथेच बसून ती केली आणि साठवली. यंत्राला काय कळणार कोण बसलंय? त्याने तुझं नाव घातलं. यंत्र गोठलं त्या क्षणी मला कळलं होतं. गुरुवारी मी ती ओळ गुपचूप काढूनही टाकली.

गेल्या महिन्यात तेरेसा नावाची आमच्याकडची मुलगी त्या जुन्या नोंदी वाचत होती. ती म्हणाली, "ही ओळ ह्या माणसाची नाही. बाकी फाईलमध्ये इतकी घाई कुठेच नाही." व्हर्न, ती तुला ओळखतही नाही. तिने नुसती तुझी फाईल वाचली आहे.

मी तिला सगळं सांगितलं. त्या नोंदीखाली माझं नाव लिहून घेतलं. आर्लोलाही फोन केला. तो म्हणाला, "म्हणजे मी भलत्याच माणसाला घरी पाठवलं."

तुझा हात कधीच बिघडला नव्हता. मी घाबरट निघाले आणि त्याची किंमत तू मोजलीस. तू माझा सगळ्यात लाडका मित्र होतास, अजून आहेस, म्हणून तर दर कार्ड आलं की मला तोंड लपवावंसं वाटायचं. रागावलास तर ते रास्तच आहे. डॉटीलाही हे पत्र वाचून दाखव. तिला इतकी वर्षं वाटत असेल की तू हार मानलीस.

एकतीस वर्षं तुझ्या जागेवर बसलेली,
नोरीन