शिळेपाशी थांबलेलं आख्यान

बाबा, परवा नगरला तुमच्या जिवावर मी एक सभा गाजवून आले. हसू नका, खरंच गाजवली. महाविद्यालयात साहित्य आणि समाज या विषयावर परिसंवाद होता आणि निवृत्त प्राध्यापिका म्हणून मला पहिल्या रांगेत शोभेला बसवलं होतं. अध्यक्षांनी चांगला तासभर घोळून सांगितलं की साहित्य हा समाजाचा आरसा खरा, पण आरसा तोंड फक्त दाखवतो, ते धुवायला तो काही येत नाही. राजकारण त्याच्या जागी चालतं आणि गोष्टी गोष्टींच्या जागी. पोरं माना डोलवत होती. माझं डोकं फिरलं. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, केस सगळे पांढरे झाले, तरी हा राग माझ्याकडे तुमच्याच घरातून आलेला आहे आणि तो काही म्हातारा होत नाही. गुडघ्यांवर हात देऊन उठले आणि म्हटलं, मला एक गोष्ट ठाऊक आहे, तिनं एका माणसाच्या अंगणातली शिळा हलवली. मग माइक मागून घेतला आणि तुमचं ते कीर्तन सांगितलं.

ती लढाईची वर्षं होती. नगरच्या किल्ल्यात पुढारी कोंडलेले, तालुक्यात सभाबंदी, आणि धान्यावर कंट्रोल. नेवाशाजवळच्या, प्रवरेकाठच्या आपल्या गावात कंट्रोलचं दुकान मोठ्या पंचांकडे होतं. आपल्या ख्रिस्ती मंडळीत सगळ्यांत जास्त जमीन त्यांची, मिशनच्या देवळाच्या पंचांत पहिला मान त्यांचा, आणि मिशनच्या शाळेतल्या मास्तराला ठेवायचं की हलवायचं, हेही त्यांच्याच शब्दावर ठरायचं. म्हणजे तुम्हाला. दुकानात ते सांगायचे, माल आला नाही. आणि त्यांच्या अंगणात जमिनीखालचं पेव ज्वारीनं गच्च भरलेलं. तोंडावर शिळा बसवून वरून शेणामातीनं लिंपून टाकलेलं. गावाला हे माहीत नव्हतं असं नाही, पेव भरायला गावातलेच गडी गेले होते. पावसानं ओढ दिली होती. गाव पावसाची वाट बघत होतं आणि पंच भाव चढायची.

आपलं स्वयंपाकघर मला अजून दिसतं. आई तांदुळजा उकडते आहे, त्यात चिमूटभर मीठ आणि मूठभर पीठ कालवते आहे, आणि पातेलं उतरवताना म्हणते आहे, "आधी लहानग्यांना वाढ, मंग तुझ्या बाबाला. मला भूक न्हाई." तिला भूक नसायची ती त्या महिन्यांत रोजच. शेजारच्या मळ्यातल्या मराठ्यांच्या घरीही हीच तऱ्हा. भूक कुणाचा धर्म विचारत नव्हती, एवढं त्या वर्षी मला नीट कळलं.

एका दुपारी मी दोन मैत्रिणी गोळा केल्या, पंचांच्या वाड्याच्या भिंतीशी गेले आणि घसा ताणून "चोर, चोर" म्हणून ओरडून आले. मोठा पराक्रम केल्यासारखी घरी आले तर तुम्ही दारातच उभे. मारलं नाहीत. विचारलंत, "मग? काय झालं ओरडून?" मी म्हटलं, त्यांनी दार लावून घेतलं. तुम्ही म्हणालात, "लावणारच. चोर म्हटलं की माणूस कडी घालतो. त्यालाच राजाची गोष्ट सांग, तो मांडी घालून ऐकेल, कारण त्याला वाटतं, दुसऱ्याची चाललीय." मला हे अजिबात पटलं नाही. मी फणकारून म्हटलं, "गोष्टीनं पोट भरतं का?" त्यावर तुम्ही मला जे झापलंत ते मी पुढे प्रत्येक वर्गाला सांगत आले. तुम्ही म्हणालात, "शिवी देणं सोपं आहे. ज्याला देतोस त्याला ती ऐकावी लागत नाही, नि देणाऱ्याला विचार करावा लागत नाही. जा, टाळ पूस, रविवारी कीर्तन आहे." रागावलात की तुम्ही मला मुलगाच करून टाकायचात.

ते आख्यान तुम्ही स्वतः रचलंत. शाळा सुटल्यावर लिंबाखाली येरझाऱ्या घालत पदं जुळवायचात आणि मी मागून टाळ वाजवून मात्रा सांभाळायची. मी तुमची झिलकरी होते. तुम्ही ओळ सोडली की ती उचलायची, आणि कधी अडलात तर पुढची ओळ हळूच द्यायची, एवढं माझं काम. त्यातलं दुसरं काम मला कधी पडलं नव्हतं. तुम्ही अडतच नव्हता. आईला मात्र आख्यानाचा वास आला होता. "अवो, नाव राजाचं घेताल आन् तोंड पंचाचं दिसंल. त्यांना कळनार न्हाई व्हय? उद्या हे घर सोडायला लागलं तर ह्या पोरांना कुठं घिऊन जाऊ?" तुम्ही चष्मा पुसत म्हणालात, "कळावं म्हणूनच चाललंय." रविवारी तिनं तुमचा धोतरजोडा धुऊन, घडी करून ठेवला होता.

रविवारच्या दुपारी देवळापुढच्या अंगणात कडुलिंबाखाली सगळं गाव लोटलं. सभेला बंदी होती, कीर्तनाला नव्हती. तरी नेवाशाहून एक हवालदार आला होता, तो सगळ्यांच्या मागे भिंतीला टेकून बसला. पुढे गादीवर मोठे पंच, मांडीवर झेंडूचा हार. रीतच होती तशी. आख्यान संपलं की पंचांनी हार घालायचा, मग शेवटची प्रार्थना, आणि मगच लोकांनी उठायचं. अर्ध्या आख्यानातून उठणं म्हणजे मोठा अपमान, देवाचाही आणि सांगणाऱ्याचाही. आपल्या लोकांनी धर्म बदलला, पण कीर्तनाची ही शिस्त जशीच्या तशी बरोबर आणली, आणि शेजारचे हिंदू तर तिच्यातच वाढलेले.

तुम्ही उभे राहिलात आणि एका राजाची गोष्ट सुरू केलीत. त्यानं दुष्काळात राज्यातलं सगळं धान्य पेवात घातलं आणि शिळा बसवली. पंच खूश होते, मान हलवत होते, मधे एकदा "वा मास्तर" सुद्धा म्हणाले. मग गोष्टीत एक म्हातारी आली, रिकामं सूप घेऊन. ती धान्य मागत नाही. ती राजाला एवढंच विचारते की बाबा, तुझ्या अंगणातल्या चिमण्या कुठं गेल्या? राजा बघतो तर खरंच एक चिमणी नाही. ज्या राज्यात सुपातून दाणा सांडत नाही तिथे चिमणी कशाला थांबेल? त्या अंगणात बसलेल्या सगळ्या बायांनी एकदम वर लिंबाकडे पाहिलं. मी पाहिलं, पंचांनीही पाहिलं. त्यांची मान हलायची थांबली.

राजा उठला, पेवापाशी आला, वाकला, शिळेला हात लावला, आणि तुम्ही थांबलात. मागे वळून माझ्याकडे पाहिलंत. टाळ थांबले, पेटी थांबली. आख्यान संपलं असं समजून पंच हार घेऊन अर्धवट उठले होते ते तसेच वाकून राहिले.

"मास्तर, पुढं बोला की," ते म्हणाले.

तुम्ही गप्प. मग बायांच्या बाजूनं गावातली एक म्हातारी बोलली, जिचे दोन्ही नातू हगवणीनं आडवे झाले होते. "राजानं काय केलं मंग, मास्तर?"

तुम्ही घसा खाकरलात. "ते राजालाच माहीत, आजी."

"आसं व्हय," म्हातारीनं पदर सारखा केला. "मंग आमी बसतो. लई पायपीट करून आलोय, शेवट ऐकल्याबिगर जानार न्हाई."

आणि बाबा, गाव बसलं! कुणी घोषणा दिली नाही, कुणी मूठ वळली नाही. माणसं नुसती बसून राहिली. ऊन लिंबावरून भिंतीवर गेलं. पोरं रडायला लागली तर आयांनी त्यांना तिथेच पाजलं. हवालदार उठायला बघत होता, त्याला शेजारच्या शेतकऱ्यानं धोतराच्या सोग्यानं वारा घालत सांगितलं, "बसा हवालदारसाहेब, आख्यान आर्धं हाय." आणि तोही बसला! सरकारचा माणूस, कंबरेला पट्टा, पण आख्यानातून उठायची त्याचीही छाती झाली नाही. पंचांच्या हातातला हार सुकत चालला होता. ते एकदा तुमच्याकडे बघत, एकदा लोकांकडे, आणि मधूनच वर झाडाकडे. त्यांना कुणीही चोर म्हटलेलं नव्हतं. तक्रार करावी तर कशाची?

शेवटी आवाज आला तो त्यांच्याच घरातून. बायांच्या पुढच्या रांगेत त्यांची मंडळी बसली होती, जाडजूड, धापा टाकणारी, गावात कुणाशी फारसं न बोलणारी बाई. ती एकदम म्हणाली, "अवो, लावा की त्या शिळंला हात एकदाचा! माझं गुडघं गेलं आन् लाजंनं मान बी गेली."

गाव हसलं. असं हसलं की लिंबावर खरंच चिमण्या असत्या तर उडून गेल्या असत्या. पंच आधी लाल झाले, मग त्यांच्या मिशीखाली काहीतरी हललं, आणि खाली बघत ते म्हणाले, "उद्या सकाळी उघडतो. कंट्रोलच्या भावानं. बास?" कुणी काही बोलायच्या आत मी टाळ हाणले आणि 'शिळा सरली' हे पद जे उचललं ते थेट वरच्या पट्टीत. तुम्ही माझ्यामागून गायलात. तेवढी एकच वेळ, मी पुढे आणि तुम्ही मागे. मग पंचांनी तुम्हाला तो कोमेजलेला हार घातला.

दुसऱ्या दिवशी पेव उघडलं तेव्हा आतली गरम वाफ जाईपर्यंत सगळे लांब उभे होते. मग कंदील सोडून पाहिला, तो विझला नाही, तेव्हा गडी उतरले. वरच्या थराला बुरशी होती, खालची ज्वारी मोत्यासारखी. आईनं त्या दिवशी केलेल्या भाकरीला पेवाचा कोंदट वास होता. तिनं पहिला तुकडा स्वतः खाल्ला, आमच्या कुणाकडेही न बघता, आणि मला इतका आनंद झाला की मी उगाचच बाहेर जाऊन रडून आले. वाटेत अंगणात सांडलेल्या दाण्यांवर चिमण्या होत्या. हे मी परिसंवादात सांगितलं तेव्हा अध्यक्षांनी चष्मा काढला.

किंमत द्यावी लागलीच. उन्हाळ्यात तुमची बदली झाली, अकोले तालुक्यातल्या डोंगरात, जिथे सायकलसुद्धा जात नव्हती. भांडी बांधताना आई फक्त म्हणाली, "तिथं भात पिकतो म्हंत्यात. बरंच झालं, भाकरी थापून हात दुखायला लागलं हुतं." आपलं सामान पोचवायला गावातल्या मराठ्यांच्या गाड्या न बोलावता दारात उभ्या राहिल्या, आणि त्यात एक गाडी पंचांची होती. डोंगरातल्या नव्या गावात पहिल्याच रविवारी लोकांनी विचारलं, "ते शेवट नसल्यालं कीर्तन तुमचंच का? आमच्याकडं बी करा. आमच्याकडं बी एक राजा हाय." तुम्ही इतके हसलात की तुम्हाला ठसका लागला.

माझं बोलणं संपल्यावर परवाचं सभागृह उभं राहिलं, बाबा. अध्यक्षसुद्धा. मी ते सगळं मनातल्या मनात तुमच्या गळ्यात घातलं. नंतर चहाच्या वेळी एक मुलगी आली, डोळे चमकत होते, म्हणाली, "बाई, तुमच्या वडिलांनी ते आख्यान मुद्दाम थांबवलं होतं ना?" मी म्हटलं, "म्हणजे काय, मुद्दामच."

म्हणून हे लिहायला बसले. पोस्टात टाकायचं नाहीच आहे, तुमच्या टाळांच्या पिशवीत ठेवून देईन. तुम्ही मुद्दाम थांबला होतात की भीतीनं तुमची ओळ सुटली होती, हे मला माहीत नाही. तुम्ही कधी सांगितलं नाहीत आणि मी कधी विचारलं नाही. एवढंच माहीत आहे की तुम्ही वळून पाहिलंत तेव्हा तुमच्या वरच्या ओठावर घाम होता, आणि थोड्या वेळानं तुम्ही पुन्हा एकदा वळून पाहिलंत. मला पुढची ओळ येत होती. जिभेवर होती. मी टाळ पोटाशी घट्ट धरले आणि ओळ दिली नाही.