पपईच्या रंगाची भिंत

३ मार्च २००९, मंगळवार

रंग जहाजावर चढला. गुरुवारी धक्क्याला लागेल. फिकट राखाडी, चार डबे. रॅमसे रंगारी पुढच्या आठवड्यात हात लावतो म्हणतो.

चाळीस वर्षं समुद्राकडची ती भिंत सहन केली. पिकलेल्या पपईचा रंग — सालीचा नव्हे, आतल्या गराचा. नवे पाद्री पहिल्याच दिवशी विचारून बसले होते, इथे सरबत मिळतं का? मुख्याध्यापिकेच्या घरी!

नवऱ्याशी, अल्वानशी, या एका भिंतीवरून जितकी भांडले तितकी कशावरूनच भांडले नाही. खारा वारा दर दोन वर्षांनी रंग खाऊन टाकायचा, आणि दर दोन वर्षांनी हा माणूस तोच डबा घेऊन दारात हजर. का रे बाबा? तर म्हणे, "स्वस्तात मिळाला." एकोणीस वेळा स्वस्तात मिळाला.

तो जाऊन दोन वर्षं झाली. भिंतीला पोपडे आलेत. आता भिंत माझी, रंगही माझा.

५ मार्च, गुरुवार

डबे आले. एक उघडून पाहिला. पाटीवर पुसलेल्या खडूसारखा रंग. डोळे निवले.

संध्याकाळी पाच लाँचवाले अंगणात येऊन उभे. पर्यटकांना बेटाभोवती फिरवणारे हे पाच. पाचही माझ्या हाताखालून गेलेले. त्यातले तीन पाढ्यांत कच्चे. पुढे एल्काना टेलर, पन्नाशीचा, दाराएवढा रुंद. टोपी हातात.

"मिस ऑरेलिया, गुडघा कसा आहे?"

"गुडघा गुडघ्याच्या जागी आहे. काम बोल."

एल्कानानं मागे पाहिलं. मागच्यानं त्याच्या मागे पाहिलं. सगळ्यात मागे कुंपण होतं.

"यंदा आंबा लवकर मोहरलाय, मिस," एकजण म्हणाला.

"हे सांगायला पाचजण लागले?"

सगळे त्या डब्यांकडे बघत होते. मग "येतो मिस" म्हणून गेले. जाताना फाटकापाशी कुजबुज — "तू बोल म्हटलं होतं ना?" "मी? मला अजून तिची छडी आठवते."

यांना माझा व्हरांडा तिकिटं विकायला हवा असणार. मिळणार नाही.

७ मार्च, शनिवार

एल्काना आज एकटा आला. मंगळवारच्या फेरीला चला म्हणाला. सगळ्यांतर्फे, तुमच्या वाढदिवसाचं म्हणून.

"माझा वाढदिवस ऑक्टोबरात असतो."

"मग उशीर झाला, मिस?"

"पाच महिने उशीर किंवा सात महिने घाई. काय ते ठरव."

त्यानं बोटांवर मोजायचा प्रयत्न केला. मला दया आली.

मी डोंगरापलीकडची, दुकानदाराची मुलगी. लहानपणी किनाऱ्यालगत मासोळीसारखी पोहायचे, पण लाँचमध्ये पाय ठेवला की पोट ढवळतं. मुख्य भूमीवर जायचं तर विमानानं. अल्वानला मासेमारीला पोचवायला धक्क्यापर्यंत जायचे, त्यापुढे नाही. दर ईस्टरला तो म्हणायचा, "ऑरी, एकदा चल. आपलं घर बाहेरून बघ. बेटावर त्याच्यासारखं घर नाही." मी म्हणायचे, "म्हणूनच नको." शिवाय पेपर तपासायचे असायचे. असायचेच.

शेजारची विनिफ्रेड — माझी चुलतबहीण, सल्ला फुकट — म्हणाली, जा की! फार तर काय, ओकशील.

८ मार्च, रविवार

चर्चहून आल्यावर पेटी उपसली. पोहण्याचा पोशाख सापडला. १९७४ सालचा. बसतो. ओढून.

१० मार्च, मंगळवार

अंग मिठानं खरखरतंय, नाक सोललंय. सगळं आजच लिहून ठेवते.

आठला निघालो. एल्काना, बोगोटाहून आलेलं एक नवविवाहित जोडपं, काली शहरातला एक जाडा दंतवैद्य आणि मी. कोणीच लाइफ जॅकेट नीट बांधलेलं नव्हतं. मी हजेरी घेतली, बंद आवळले. दंतवैद्य एल्कानाला हळूच म्हणाला, "या बाई सरकारी आहेत का?" एल्काना म्हणाला, "सरकार यांना घाबरतं."

जाताना पुढे तोंड करून, क्षितिजावर नजर खिळवून बसले. आलं चघळलं. पोट गप्प राहिलं. लाँचनं खडकांच्या रांगेतली खिंड कधी ओलांडली तेही कळलं नाही, फक्त दोन्ही बाजूंनी लाट फुटल्याचा आवाज आला आणि पाणी एकदम गडद निळं झालं.

कातळाच्या छोट्या बेटापाशी नांगर टाकला. एल्कानानं डोळ्यांवर लावायचे काचेचे मुखवटे वाटले, श्वासाच्या नळ्या वाटल्या, आणि प्रवाळावर भाषण सुरू केलं. "प्रवाळ ही एक वनस्पती—"

"प्राणी," मी म्हटलं.

"प्राणी," तो म्हणाला. "मिसनी सातवीत शिकवलं होतं. मी त्या दिवशी मासे धरायला गेलो होतो."

जोडप्यानं उडी मारली. दंतवैद्य कठड्याला धरून बसला. पैसे दिलेत, पण इथून छान दिसतंय, म्हणाला. मी त्याला विचारलं, "तुमच्या खुर्चीत येणाऱ्या पेशंटला तुम्ही काय सांगता?" तो म्हणाला, "काही होत नाही, तोंड उघडा." म्हटलं, "मग हेच. काही होत नाही. नळी तोंडात धरा." त्याचा हात धरला आणि शिडीवरून दोघं उतरलो. खरं सांगायचं तर मलाही कोणाचा तरी हात हवाच होता.

डोकं पाण्याखाली घातलं. पस्तीस वर्षांनी.

मी तीस वर्षं फळ्यावर प्रवाळ काढलं. पांढऱ्या खडूनं, कारण रंगीत खडू अर्ध्या वर्षातच संपायचे. मुलं विचारायची, मिस, खरंच असं दिसतं? मी सांगायचे, असंच. किती खोटं सांगत होते! प्रवाळाचे जांभळे पंखे एका लयीत डुलत होते, भर वर्गात सगळ्यांनी एकदम माना डोलवाव्यात तसे. हिरवे-निळे पोपटमासे प्रवाळ कुरतडत होते आणि त्याचा आवाज ऐकू येत होता — कुर्र, कुर्र, कोणी मागच्या बाकावर चोरून बिस्कीट खातंय जणू. एक ठिपक्यांची वाघळी — चपटा, पंखवाला मासा — वाळूतून उठली, पंख हलवत आमच्या खालून गेली. दंतवैद्यानं माझी बोटं इतकी आवळली की अंगठी रुतली. मग तो नळीतूनच हसायला लागला. नळीतून हसणं म्हणजे म्हातारा रेडा खाकरल्यासारखं वाटतं. मग मीही हसले. दोघांच्या नाकातोंडात पाणी.

पाऊण तास! एल्कानानं तीनदा हाका मारल्या. तीनदा मी ऐकलं नाही. चौथ्यांदा म्हणाला, "मिस, आता पालकांना चिठ्ठी पाठवावी लागेल."

किनाऱ्यावर जेवण. तळलेला मासा, नारळभात, नीरफणसाचे काप. मी दोनदा भात घेतला. नवी नवरी म्हणाली, "तुम्ही रोज येत असाल ना?" मी तिला आणखी एक काप वाढला.

चारला परत निघालो. सूर्य डोंगरामागे कलला होता, किनाऱ्यावर सावली उतरली होती. एल्काना म्हणाला, "मिस, इकडे माझ्याजवळ उभ्या राहा." म्हटलं, का? म्हणाला, "मी काहीही सांगणार नाही. फक्त समोर बघा."

समोर खडकांची रांग, टोकापासून टोकापर्यंत पांढरा फेस. वाट कुठेच नाही. बेट म्हणजे एक काळपट हिरवा ढीग. पांढरी घरं, निळी घरं, सगळी त्या सावलीत विरघळलेली. आणि मधोमध एक चौकोन, पेटलेला. पिकलेल्या पपईचा.

एल्कानानं सुकाणू जरा डावीकडे घेतलं. डोंगरावरचा चर्चचा मनोरा हळूहळू सरकत आला आणि माझ्या भिंतीच्या बरोबर मध्यावर उभा राहिला, टोपी घातल्यासारखा. तो तिथे आला मात्र, एल्कानानं वेग वाढवला आणि सरळ फेसात घुसला. मी कठडा धरला. डाव्या हाताला आठ पावलांवर खडक, उजव्या हाताला आठ पावलांवर खडक. मनोरा जागचा हलला नाही. आम्ही आत, शांत पाण्यात.

मी कठडा सोडला. मग विचारलं, "वाट दाखवायला यंत्रं असतात ना आता?"

"असतात. यंत्र दहा पावलं चुकतं, मिस. वाट सोळा पावलांची."

"माझी भिंत किती जण वापरता?"

"सगळे. आम्ही त्या भिंतीला टीचर म्हणतो. जरा इकडंतिकडं झालं की ओरडते."

लग्नानंतरच्या वर्षी वादळात आमच्या अंगणातलं सावरीचं मोठं झाड पडलं होतं. महिन्याभरात अल्वान पहिला डबा घेऊन आला. आज जोडलं गेलं. ते झाड म्हणजे वाटेची जुनी खूण.

"मला का नाही सांगितलं? त्यानं नाही, तुम्ही कोणीच नाही."

एल्काना पाण्याकडे बघू लागला. मी म्हटलं, वर्गात उभा केलाय असं समज. मग बोलला. अल्वाननं सगळ्यांना शपथ घातली होती. त्याचे शब्द असे — "तिला सांगाल तर ती कर्तव्य म्हणून ठेवील. तिच्या मानेवर आधीच एकशेवीस पोरं आहेत. एक भिंत तरी तिला मोकळेपणी नावडू दे."

"आणि आम्ही शपथ मोडली नाही, मिस," एल्काना म्हणाला. "आम्ही काही सांगितलं नाही. तुम्ही पाहिलंत."

यांना वकील करायला हवं होतं.

११ मार्च, बुधवार

रॅमसेला थांबवलं. पाचही लाँचवाल्यांना बोलावलं आणि स्पष्ट सांगितलं — भिंत आहे त्याच रंगाची राहील, दर दोन वर्षांनी वेळेवर रंगवली जाईल, आणि माझ्यामागे तशी व्यवस्था लिहून ठेवीन. हे माझं कर्तव्य आहे.

मला वाटलं, खूश होतील. एल्काना टोपी फिरवत राहिला. "तेच झालं शेवटी," म्हणाला. "अल्वान अंकल म्हणाले होते तेच." आणि गेले.

अल्वानचा राग आला. सगळ्या गावाला माहीत, मला नाही! स्वयंपाकघरात एकटीच मोठ्यानं भांडले. त्यानं नेहमीसारखं उत्तर दिलं नाही.

१३ मार्च, शुक्रवार

दुकानात गेले होते, पपईचा रंग मागवायला. म्हटलं, स्वस्तातला तो, अल्वान न्यायचा तो. दुकानदार म्हणाला, "स्वस्त? मिस, तो आम्ही पनामाहून खास मागवायचो. सगळ्यात महाग डबा."

रस्त्यातच थांबून हसले. लोक बघत होते. बघू देत.

१७ मार्च, मंगळवार

किनाऱ्यावर चार दिवस ठोकाठोक चालू आहे. विनिफ्रेड म्हणते, नवा धक्का बांधतायत. एल्कानाला विचारलं तर म्हणे, आंबा लवकर मोहरलाय.

२१ मार्च, शनिवार

दुपारी पाचही जण आले. आज टोप्या डोक्यावर. एल्काना म्हणाला, "चला मिस, लांब नाही."

माझ्या कुंपणाबाहेर, वाळूत, एक उंच खांब. वर माणसाएवढी लाल फळी, त्यावर दिवा. दुसरा खांब वर, चर्चच्या आवारात. पाद्र्यांची परवानगी, बंदर कचेरीचा शिक्का, सगळं रीतसर. आपल्या हातांनी उभे केलेत. एल्काना म्हणाला, तीन दिवस येऊन-जाऊन तपासलंय, वरचा खांब खालच्याच्या बरोबर डोक्यावर आला की वाट सरळ.

"आता भिंत नुसती भिंत आहे, मिस. राखाडी करा, काळी करा. कोणाचं काही अडत नाही."

"हे कशासाठी केलंत?"

सगळ्यात मागचा, कधी न बोलणारा, बोलला, "अंकलच्या मनात होतं ते राहून जात होतं. आणि तुम्ही आम्हाला सहा वर्षं सांभाळलंत. अजून किती सांभाळणार?"

मी वर पाहिलं. फळी वाकडी बसली आहे असं सांगितलं. बसली होतीच. त्यांनी लगेच सरळ केली.

२३ मार्च, सोमवार

रॅमसे विचारतो, कोणता डबा उघडू? पनामाचाही पोचलाय. दोन दिवस थांब म्हटलं.

सकाळीच एल्कानाकडे गेले. म्हटलं, आज जागा आहे का? म्हणाला, तुमची केव्हाचीच आहे. या वेळी निघतानाच मागे तोंड करून बसले. खिंड ओलांडेपर्यंत घराकडे बघत होते. मग पाऊण तास पाण्यात. पोपटमाशांनी ओळखलं नाही. शिष्टच आहेत.

येतानाही बघितलं. एल्काना खांब बघत होता. भिंत मी एकटीच बघत होते.

२५ मार्च, बुधवार

भिंत झाली. दोन हात. पपई.

राखाडी रंग कोंबड्यांच्या खुराड्याला. विनिफ्रेड फाटकाशी उभी राहून म्हणाली, "आता तर कोणाला गरजही नाही, मग पुन्हा हाच का गं?"

म्हटलं, स्वस्तात मिळाला.