बाबीकाकांची कॅसेट

मंगळवार, दिवेलागण

चूक माझीच. पण कॉम्प्युटरमधल्या त्या लिनक्सवरही आज डोकं फिरलंय.

मालगुंडचे बाबीकाका सकाळी त्यांच्या नमन मंडळाची जुनी कॅसेट घेऊन आले. तिच्यात त्यांच्या वारलेल्या भावाचा मृदंग. टेप इतकी जीर्ण, की जेमतेम एकदा वाजेल, हे मीच त्यांना सांगितलं होतं. टेप लावून कॉम्प्युटरवर रेकॉर्डिंग सुरू केलं. चाकं फिरू लागली, काका डोळे मिटून ऐकत बसले. मला कुठलं गप्प बसवतंय! आमच्या संग्रहाच्या वेबसाइटवर भावाचं नाव चुकलं होतं, ते सुधारलं आणि वेबसाइट मागून चालवणारी सर्व्हिस रीस्टार्ट केली.

रेकॉर्डिंग त्याच सर्व्हिसने सुरू केलेलं. त्याला नोहप, म्हणजे मागचं बंद झालं तरी चालू राहायची कमांड, लावलंय, तेव्हा ते आपलं चालत राहील, असं मी धरून चाललो. कशाच्या जोरावर? सर्व्हिस थांबली की तिने सुरू केलेलं सगळंच मारलं जातं, नोहप असो वा नसो. तिच्या फाइलमध्ये किलमोडची, थांबताना काय मारायचं नि काय सोडायचं ते सांगणारी, एक ओळ हवी होती. एक ओळ! आता घातली, तपासली, चालतेय. कुणासाठी?

रेकॉर्डिंग बंद पडलंय हे माझ्या लक्षात आलं तेव्हा कॅसेट संपत आली होती. चाकं मात्र फिरतच होती, नुसतीच. रिवाइंड करायला गेलो, तर टेप गुंतून तिचा चोळामोळा झाला.

काकांना सांगितलं. म्हणाले, "असूंदे रे. मी आयकलंय ना सगळं."

त्याच खोलीत मीही होतो. मला एक थापही आठवत नाही.