टिटवी उठवली तो दिवस

माय,

हदगावकडच्या एका शेतात तू मला धसकटं वेचायला सोबत नेलं होतंस, तेव्हा मी नऊ-दहा वर्षांची असेन. बायांची ओळ पुढं सरकत होती आणि तू एकाएकी हात आडवा करून सगळ्यांना थांबवलंस. समोर ढेकळांत टिटवीची चार अंडी. मालक बांधावरून ओरडला, "पाखरं राखाया बोलावलं का तुला?" तू जागची हलली नाहीस. "एवढा तुकडा ऱ्हाऊ द्या मालक. ती उठली की अंडी उन्हानं भाजतेत," म्हणालीस. मी गंमत म्हणून टिटवीकडं धावले, तर माझं बखोट धरून असं ओढलंस की दंड दुपारभर ठणकत होता.

आता मी टीव्हीसाठी पशुपक्ष्यांवरचे माहितीपट लिहिते. काय टिपायचं ते आधी कागदावर मांडायचं, आणि चित्रावर बोलायची वाक्यं नंतर लिहायची. गेल्या उन्हाळ्यात जळकोटजवळच्या माळावर आम्हाला टिटवीचं घरटं सापडलं. मी लिहून ठेवलं होतं, की शत्रू जवळ आला की टिटवी पंख मोडल्याचं सोंग करते आणि त्याला अंड्यांपासून लांब नेते. दिग्दर्शक म्हणाला, "लिहिलंय तुम्ही, तर दिसायला पाहिजे." शत्रू काही येईना. मग ज्यांचं रान होतं त्या काकांचा कुत्रा दोरीला बांधून आणला. अकरा वाजलेत. टिटवी किंचाळत उठते, जमिनीवर पंख घासत फरपटत जाते. कॅमेरामन म्हणतो, नीट आलं नाही, पुन्हा. आम्ही पुन्हा कुत्रा नेतो. तिसऱ्यांदा नेतो. मुरमावर हात ठेववत नाही, आणि अंडी उघडी पडलीत. काका दोरी आवळून धरतात. "मॅडम, बस करा आता. अंडी भाजून राहिलेत." दिग्दर्शक माझ्याकडं बघतो. मी नको म्हणाले असते तर त्यानं ऐकलं असतं. मी घड्याळ बघते. "पाचच मिनिटं, काका," म्हणते.

पंचवीस झाली. नंतर टिटवी कुठून तरी पोटाची पिसं भिजवून आली आणि अंड्यांवर बसली. तेही आम्ही टिपलं. फार सुंदर आलं.

तीन आठवड्यांनी मी काकांना फोन केला. "बसली बिचारी लई दिवस," ते म्हणाले. "पन एक बी पिल्लू निघालं न्हाई. मंग गेली सोडून." मग त्यांनी विचारलं, "तुमचं काम झालं ना पन?" टोमणा नव्हता तो, म्हणून जास्त लागला.

बिलोलीकडं दुसऱ्या एका घरट्यातली पिल्लं टिपायला मिळाली होती. दिग्दर्शक म्हणाला, तीच जोडू, कुणाला कळतंय. वाक्य मी लिहिलं: 'अखेर आईच्या राखणीला यश आलं.' काल नांदेडच्या स्टुडिओत माझी वाक्यं आवाजात भरून घेतली. आवाज देणाऱ्या बाई त्या वाक्याशी थांबल्या, काचेपलीकडून मला विचारलं, "ही त्याच अंड्यांतली ना?" मी हो म्हणाले. त्यांचा चेहरा खुलला, आणि वाक्य त्यांनी एका दमात, छान वाचलं.

माय, तू आज असतीस आणि टीव्हीसमोर बसून हेच विचारलं असतंस, तर तुलाही मी हो म्हणाले असते.