ईरप्पाच्या वर्गाची मान्यता आणि माझी साक्ष

॥ श्री सिद्धेश्वर प्रसन्न ॥

सोलापूर, माघ वद्य ५, शके १८५४

राजमान्य राजेश्री श्रीमंतराव साडूभाऊ यांसी, धाकट्या साडूचा, मानसिंगाचा, दोन्ही हात जोडून नमस्कार. इकडे आम्ही उभयतां सुखरूप. दुधनीस तुमचा गुडघा कसा आहे ते कळवावे. (एरंडाचे पान बांधताना गुळगुळीत बाजू आत. मागल्या खेपेस तुम्ही उलटे बांधले होतेत.) कस्तुराबाई आक्कांना नमस्कार.

तुमचा बालमित्र ईरप्पा मास्तर याने आमच्या समोरच्या माडीवर शिक्षक तयार करण्याचा वर्ग काढला, हे तुम्ही दुधनीभर सांगता. तसाच वर्ग मी त्याच्या आधी काढला होता, हे मात्र तुम्ही कुणाला सांगत नाही. असो. शिक्षणखात्याने त्याच्या वर्गाला मान्यता दिली आणि माझा अर्ज परत पाठवला. कारण काय, तर वर्गाचा मुख्य स्वतः ट्रेनिंगची परीक्षा पास नाही! (मी जे शिकलो ते स्वतःच्या दिव्याच्या तेलावर शिकलो, खात्याच्या तेलावर नव्हे.) आता मान्यता नसलेल्या वर्गातला उमेदवार कितीही तयार असला तरी त्याला शाळेत कोण घेणार? माझ्याकडे चारच उरले होते. तेही गेले की वर्गाला कुलूप. मला मत्सर म्हणून नाही. पण टांगेवाल्याला पत्ता सांगावा तर तो म्हणतो, “म्हंजे ईरप्पा मास्तरांच्या समोर की!” हे ऐकून तुमच्या गुडघ्यालासुद्धा राग येईल.

म्हणून ईरप्पाची मान्यता रद्द व्हावी असा मी दावा लावला. पुरावा हवा, तेव्हा मी वर्षभर आमच्या खिडकीत उभा राहून त्याचे पाठ ऐकले. काय ते पाठ! प्रश्न विचारतो आणि उत्तर आपणच देतो. नकाशा दाखवताना स्वतःच नकाशापुढे उभा राहतो. एकदा तर फळ्यावर भीमा नदी खालून वर काढली; म्हणजे ती उगमाकडे परत निघाली. त्याचे उमेदवार हसले नाहीत, कारण त्यांना तो आवडतो. (हाही एक दोषच.) तुमच्या मेहुणीला, आमच्या म्हाळसाबाईला, यातले शास्त्र काय कळणार? ती म्हणे, “जायचंच हाय तर दारातनं जावा की! खिडकीत उभं ऱ्हाऊन पाय कशाला मोडताय?”

कोर्टात मी सगळे दोष क्रमाने सांगितले. मुन्सफसाहेब लक्ष देऊन ऐकत होते. मग ईरप्पाचा वकील उठला. फार गोड बोलतो मेला. किती पाठ ऐकलेत म्हणाला. मी शपथेवर होतो, आणि तपशिलात गफलत मला खपत नाही. सांगितले, सगळे. एकही चुकला नाही? ताप अंगात असतानाही नाही. मग त्या वेळी आपला वर्ग कोण घेत होते? म्हटले, उमेदवारांनाही खिडकीशीच उभे करत होतो, कसे शिकवू नये ते दाखवायला. कोर्टात एवढा हशा पिकला की पट्टेवाल्याला ओरडावे लागले. मुन्सफसाहेबांनी निकालात लिहिले की, ज्या वर्गाला वादी स्वतः आपल्या विद्यार्थ्यांसह वर्षभर न चुकता हजर राहतो, तो निरुपयोगी आहे असे वादीच्या तोंडून मानता येत नाही. दावा खर्चासह फेटाळला. दुसऱ्या दिवशी माझे चारही उमेदवार गल्ली ओलांडून गेले. त्यातल्या येडूने तर जाताना पाया पडून विचारले, “मास्तर, तुमच्यासाटी जागा धरू का?”

असल्या माणसाशी तुम्ही संबंध ठेवू नये, हे सांगण्यासाठीच हे पत्र. लोभ आहेच, तो पत्रोत्तराने दाखवावा.

आपला,
मानसिंग

ता. क. संबंध एवढ्यात तोडू नये. चैत्रात ट्रेनिंगची परीक्षा आहे. तिला बसायला मान्य वर्गात वर्षभराची हजेरी लागते. माझी हजेरी शपथेवर सिद्ध झाली असून खुद्द कोर्टाने ती निकालात धरली आहे. मी पास झालो की माझ्या वर्गाची अडचण मिटते. तेव्हा ईरप्पाने माझे नाव पाठवावे, असे तुम्ही त्याला आपल्याच मनचे म्हणून सुचवावे.

ता. क. दुसरा. परीक्षेआधी नमुना पाठ द्यावा लागतो आणि त्यातले दोष ईरप्पाच काढणार. खुशाल काढावेत. फक्त त्या वेळी त्याने गल्लीकडची खिडकी लावून घ्यावी. हल्ली आमच्या खिडकीत म्हाळसाबाई उभी असते.